न दिसणारी साक्ष : खासगी जीवनाचे प्रायोगिक लघुपट आणि देसाईगंजचा प्रश्न

१

भारतीय प्रायोगिक लघुपटाचा इतिहास सांगताना त्याचा एक महत्त्वाचा आरंभबिंदू म्हणून मुंबईच्या ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’चा निर्देश केला जातो. चित्रकार अकबर पदमसी यांनी जवाहरलाल नेहरू अधिछात्रवृत्तीच्या आधारे १९६९ मध्ये ही कार्यशाळा सुरू केली आणि १९७२ पर्यंत ती चालली. चित्रकारांनी व चित्रपटकारांनी एकमेकांची माध्यमे हाताळून पाहावीत, हा तिच्यामागचा विचार होता. त्या वेळी जेमतेम तेविशीत असलेल्या नलिनी मलानी यांनी तेथे केलेले ‘स्टिल लाइफ’ आणि ‘ओननिझम’ हे १९६९ मधील दोन अगदी छोटे लघुपट घरातील खासगी अवकाशाचे पहिले प्रायोगिक चित्रण म्हणून आज अभ्यासले जातात. पहिल्यात कॅमेरा एका खोलीतील नित्य वापराच्या वस्तूंवरून फिरतो आणि तेथे राहणाऱ्या व्यक्तीच्या वास्तव्याच्या खुणा टिपतो. दुसऱ्यात पलंगावर एकट्या असलेल्या स्त्रीच्या देहाची तगमग हाच विषय आहे.

या लघुपटांचे धाडस निर्विवाद आहे. परंतु त्या धाडसाला एक पूर्वअट होती, आणि समीक्षेने तिची दखल क्वचितच घेतली आहे. ती पूर्वअट म्हणजे स्वतःची खोली. जिला आतून लावता येईल असे दार आहे आणि जिच्या हाती कॅमेराही आहे, तीच व्यक्ती आपल्या खासगीपणाचे काय दाखवायचे व काय झाकायचे हे ठरवू शकते. मलानींच्या लघुपटांत पाहणारी आणि पाहिली जाणारी यांच्यात सत्तेचे अंतर फारसे नाही, म्हणूनच तेथे उघड करणे हा मुक्तीचा आविष्कार ठरतो. ज्यांच्याकडे खोलीही नाही आणि कॅमेराही नाही, त्यांच्या खासगी जीवनाचे चित्रण कोणत्या रूपबंधात करावे, हा प्रश्न या आरंभकथेत उद्भवतच नाही.

त्या प्रश्नाचा उगम शोधायचा तर मुंबईच्या कलादालनांपासून दूर, तेव्हाच्या चंद्रपूर जिल्ह्यातील देसाईगंज येथे जावे लागते. १९७२ मध्ये तेथे घडलेल्या घटनेवर कोणताही लघुपट काढणे हा या शोधाचा विषय नाही. पाहणे, ऐकणे आणि विश्वास ठेवणे यांचा परस्परसंबंध त्या घटनेने ज्या रीतीने समोर आणला, तो नंतरच्या लघुपटांच्या घाटात उतरलेला दिसतो. हा संबंध सरळ कार्यकारणभावाचा नसून एका सामायिक कोड्याचा आहे.

२

‘खासगी’ हा शब्द मराठीत फारसीतून आला, आणि मराठेशाहीच्या कारभारात त्याला विशिष्ट अर्थ होता. राज्याच्या दौलतीहून वेगळा असा राजघराण्याचा स्वतःचा खजिना व उत्पन्न म्हणजे खासगी. इंदूरच्या होळकरांच्या इतिहासात अहिल्याबाईंच्या खासगीचा उल्लेख याच अर्थाने येतो. म्हणजे मूळ अर्थाने खासगी ही मालमत्तेची कोटी आहे. ज्याच्याजवळ काही आहे, त्याचेच काही खासगी असू शकते. वाड्याच्या रचनेत ओसरी, माजघर आणि स्वयंपाकघर अशी जी आतआत जाणारी श्रेणी असते, तिच्यातही खोलात जाणे आणि खासगी होणे या गोष्टी एकरूप झालेल्या आहेत.

चंद्रपूर व गडचिरोलीच्या जंगलपट्ट्यातील वस्तीची रचना या श्रेणीत बसत नाही. माडिया गोंडांच्या गावात मासिक पाळीच्या दिवसांत स्त्रीला घराबाहेर ‘कुर्मा’ नावाच्या झोपडीत राहावे लागते. जी गोष्ट वाड्यात सर्वांत आतल्या अंधारात दडवली जाते, ती येथे वस्तीच्या कडेला, सर्वांना ठाऊक असलेल्या जागी नेली जाते. तरुण मुलामुलींचे गोटूल ही तर संपूर्ण गावाला माहीत असलेली संस्था आहे. या व्यवस्थेत बंधने नाहीत असे नव्हे. कुर्माची सक्ती ही स्त्रीच्या आरोग्यावर व प्रतिष्ठेवर बेतणारी आहे. मुद्दा एवढाच की येथे खासगीपणा भिंतीने ठरत नाही. कोणी कोठे जावे, कोणासमोर काय बोलावे आणि काय ऐकूनही न ऐकल्यासारखे करावे, या संकेतांवर तो उभा असतो. अशा ठिकाणी बाहेरून आलेला कॅमेरा सर्व काही पाहू शकतो. आपण काय पाहू नये, एवढेच त्याला कळत नाही.

बाहेरून येणारा पहिला कॅमेरा बहुतांशी राज्यसंस्थेचा होता. १९४८ मध्ये स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे अनुबोधपट व वार्तापट दाखवणे चित्रपटगृहांना परवान्याच्या अटींनुसार बंधनकारक होते. क्षेत्रीय प्रसिद्धी खात्याच्या गाड्या खेड्यांतून पडदा लावून चित्रपट दाखवीत. याच संस्थेत साठच्या दशकात काही विलक्षण प्रयोग झाले. प्रमोद पती यांचा ‘क्लॅक्सप्लोजन’ (१९६८) हा माणसांनाच चौकटी-चौकटीने हलवून केलेला चिमुकला लघुपट त्यांपैकी एक. त्याचा विषय आहे कुटुंबनियोजन. भारतातील प्रायोगिक लघुपटाने शयनगृहात पाऊल टाकले ते असे दोन दारांनी : एका दाराने मलानींसारखी कलावंत स्वतःच्या खोलीत गेली, तर दुसऱ्या दाराने राज्यसंस्था दुसऱ्यांच्या खोलीत गेली. पतींच्या रूपविषयक कल्पकतेबद्दल आज जी प्रशंसा होते ती रास्तच आहे. पण त्या कल्पकतेच्या मागे जो लोकसंख्येचा हिशेब होता, त्याचे टोक १९७६ मध्ये दिसले. त्या वर्षी महाराष्ट्र विधिमंडळाने सक्तीच्या निर्बीजीकरणाची तरतूद असलेले विधेयक संमत केले. राष्ट्रपतींची संमती न मिळाल्याने त्याचा कायदा झाला नाही.

३

२६ मार्च १९७२ च्या रात्री देसाईगंज येथील पोलीस चौकीत एका अल्पवयीन आदिवासी मुलीवर पोलिसांनी अत्याचार केला, अशी तक्रार नोंदवली गेली. आईवडिलांविना भावाजवळ राहणारी ही मुलगी एका बाईच्या घरी कामाला जात असे. तेथेच त्या बाईच्या नातलग तरुणाशी तिचा स्नेह जुळला व दोघांनी लग्नाचा विचार केला. भावाने पोलिसांत तक्रार दिल्यामुळे सर्वांना चौकीत बोलावण्यात आले. म्हणजे आरंभी प्रकरण होते ते एका घरकामगार मुलीच्या खासगी निर्णयाचे. जबाब झाल्यावर इतरांना बाहेर जाण्यास सांगून तिला आत ठेवून घेण्यात आले. बाहेर थांबलेल्यांना दिसले ते चौकीचे बंद दार आणि आत मालवलेला दिवा.

या दाराचा अर्थ नीट लक्षात घ्यायला हवा. ज्या मुलीला स्वतःचे दार नव्हते, तिच्यावर सत्तेने आपले दार लावून घेतले. खासगीपणा हा येथे दुर्बलाचे संरक्षण नसून बलवानाचे साधन झाला आहे. पुढे न्यायालयात उभा राहिला तो या बंद दाराआडच्या घटनेच्या साक्षीचा प्रश्न. चंद्रपूरच्या सत्र न्यायालयाने १९७४ मध्ये आरोपींना निर्दोष ठरवले. तसे करताना मुलीच्या पूर्वायुष्याविषयी वैद्यकीय तपासणीतून काढलेल्या अनुमानांना महत्त्व दिले. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने १९७६ मध्ये तो निकाल फिरवला. सर्वोच्च न्यायालयाने ‘तुकाराम विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ या खटल्यात १५ सप्टेंबर १९७८ रोजी आरोपींची पुन्हा सुटका केली. मुलीच्या अंगावर जखमांच्या खुणा नव्हत्या, तेव्हा तिने प्रतिकार केला नसावा, असे अनुमान काढले गेले.

उपेंद्र बक्षी, लतिका सरकार, वसुधा धगमवार आणि रघुनाथ केळकर या कायद्याच्या चार अध्यापकांनी सप्टेंबर १९७९ मध्ये सरन्यायाधीशांना जे खुले पत्र लिहिले, त्याला कायद्याच्या इतिहासात मानाचे स्थान आहे. साहित्याच्या अभ्यासकाने ते आणखी एका कारणाने वाचावे. ते एका संहितेचे निकट वाचन आहे. निकालपत्रात शरण जाणे आणि संमती देणे यांतील भेद कसा पुसला गेला आणि मुलीच्या मौनाला भाषेने कोणता अर्थ चिकटवला, हे त्या पत्राने दाखवून दिले. निकालाची ज्ञानमीमांसा दृश्यावर उभी होती : जे देहावर दिसत नाही ते घडले नाही. याउलट मुलीचे म्हणणे ऐकू येणारे होते, पण ते पुरावा म्हणून अपुरे ठरले.

१९८० च्या आरंभी या पत्राभोवती देशभर स्त्री-संघटना एकवटल्या. १९८३ च्या दुरुस्तीने कोठडीतील बलात्काराचा स्वतंत्र गुन्हा निर्माण झाला, अशा खटल्यांची सुनावणी बंद न्यायदालनात घेण्याची तरतूद झाली आणि पीडितेची ओळख प्रसिद्ध करण्यास मनाई झाली. ही मनाई भारतीय न्याय संहितेतही कायम आहे. विरोधाभास असा की ज्या मुलीमुळे इतरांना नाव झाकण्याचा अधिकार मिळाला, तिचे स्वतःचे नाव मात्र कायद्याच्या प्रत्येक पाठ्यपुस्तकात छापले जाते आणि प्रकरणही तिच्याच नावाने ओळखले जाते. येथे ते वापरलेले नाही. दरम्यान, २६ ऑगस्ट १९८२ रोजी चंद्रपूर जिल्ह्याचे विभाजन होऊन देसाईगंज नव्या गडचिरोली जिल्ह्यात गेले.

४

याच वातावरणात, १९८० मध्ये, दीपा धनराज, आभा भैया, नवरोज कॉन्ट्रॅक्टर आणि मीरा राव यांनी ‘युगांतर’ हा चित्रपटगट स्थापन केला. त्याचा पहिला लघुपट ‘मोलकरीण’ (१९८१) पुण्यातील घरकामगार स्त्रियांविषयी आहे. १९८० मध्ये पुण्यात मोलकरणींनी संप केला आणि त्यांची संघटना उभी राहिली, ही त्याची पार्श्वभूमी.

मराठी प्रेक्षकाला ‘मोलकरीण’ हे नाव परके नव्हते. १९६३ च्या त्याच नावाच्या बोलपटात सुलोचनाबाईंनी रंगवलेली आई आपल्याच मुलाच्या घरी ओळख लपवून राबते. त्या कथेत मोलकरणीच्या दुःखाला किंमत येते ती ती खरे तर मोलकरीण नसून आई आहे म्हणून. तिचे गुपित उघडणे हाच कथेचा कळस असतो. १९८१ च्या लघुपटात असे कोणतेही गुपित नाही. तेथील स्त्रिया मोलकरणीच आहेत. त्यांची प्रतिष्ठा रक्ताच्या नात्यातून नव्हे, श्रमातून सिद्ध होते. मात्र त्यांच्यामुळे मध्यमवर्गीय घराचे गुपित उघडे पडते. मालकिणीचे स्वयंपाकघर, मोरी, उष्टी भांडी हा तिच्या दृष्टीने खासगी प्रांत; तोच मोलकरणीच्या दृष्टीने कामाचे ठिकाण. एकाच अवकाशाच्या या दोन व्याख्या एकत्र आणल्या की ‘घर’ ही कल्पनाच संघर्षाचे क्षेत्र बनते. मलानींच्या ‘स्टिल लाइफ’मधील वस्तूंकडे यानंतर पाहणाऱ्याला विचारावेसे वाटते : ही खोली झाडते कोण?

‘युगांतर’चा १९८३ चा ‘इदि कथा मात्रमेना’ हा तेलुगू लघुपट हैदराबादच्या स्त्री शक्ती संघटनेसह केलेला आहे. नावाचा अर्थ, ‘ही केवळ गोष्टच का?’ विवाहांतर्गत छळ हा त्याचा विषय आणि कथापट हा त्याचा प्रकार. ज्या गटाने संप व श्रम यांचे अनुबोधपट केले त्याने येथे कल्पित का स्वीकारले? उत्तर देसाईगंजच्या बंद दारापाशी मिळते. नवरा बायकोला मारतो तेव्हा तेथे कॅमेरा नसतो, आणि असताच तर त्याची उपस्थिती हा दुसरा गुन्हा ठरला असता. संघटनेतील स्त्रियांच्या सामूहिक अनुभवातून व चर्चेतून घडवलेली गोष्ट ही त्यामुळे पुराव्याचा पर्याय बनते. ‘दिसत नाही म्हणजे घडले नाही’ या न्यायालयीन तर्काला या लघुपटाने दिलेले उत्तर असे की, जे दिसू शकत नाही ते अनेकींच्या सांगण्यातून एकत्र रचता येते. कल्पित येथे सत्यापासून पळवाट नाही. साक्ष देणारीला उघडे न पाडता साक्ष देण्याची ती रीत आहे.

५

ऐकण्याच्या या रीतीचे सर्वांत प्रभावी उदाहरण चित्रपटाबाहेरचे आहे, आणि ते गडचिरोलीतलेच आहे. डॉ. राणी बंग व डॉ. अभय बंग यांनी १९८६ मध्ये तेथे ‘सर्च’ या संस्थेचे काम सुरू केले. वसा आणि अमिर्झा या दोन गावांतील ६५० स्त्रियांच्या तपासणीवर आधारलेला त्यांचा निबंध १९८९ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये प्रसिद्ध झाला. ९२ टक्के स्त्रियांना एक वा अधिक स्त्रीरोग असल्याचे त्यात आढळले. त्यांपैकी पूर्वी कधी स्त्रीरोगविषयक तपासणी झालेल्या स्त्रिया जेमतेम ८ टक्के होत्या. कुटुंबनियोजनाच्या चित्रांनी या स्त्रियांच्या गर्भाशयाची मोजदाद केली होती, पण त्यांच्या वेदनेची नव्हे. ती वेदना कळली ती आडोसा आणि विश्वास दिल्यानंतर. राणी बंग यांच्या मराठी पुस्तकाचे ‘कानोसा’ हे नाव या संदर्भात अर्थपूर्ण आहे. कानोसा घेणारा दार ढकलत नाही. तो बाहेर थांबून आतल्या आवाजाला अवधी देतो.

चित्रपटात हा कानोसा रूपबंध होऊन आला तो पायल कपाडिया यांच्या लघुपटांत. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या कपाडिया यांच्या ‘आफ्टरनून क्लाउड्स’ (२०१७) मध्ये साठीची विधवा काकी आणि तिच्या घरी कामाला असलेली नेपाळी मालती यांची एक दुपार आहे. काकीची भूमिका उषा नाईक यांनी केली आहे. मालकीण व मोलकरीण, दोघींची एकाकी मने एकाच घरात शेजारी ठेवून, कोणाचेही गुपित फोडल्याविना हा लघुपट संपतो. ‘अँड व्हॉट इज द समर सेइंग’ (२०१८) भीमाशंकरच्या जंगलालगतच्या कोंडवळ गावात चित्रित झाला. मधासाठी झाडांचे शेंडे न्याहाळणारा नामदेव त्यात दिसतो. गावातील स्त्रिया मात्र हरवलेल्या प्रेमाच्या गोष्टी कुजबुजतात, आणि त्या कुजबुजणाऱ्या कधीच दिसत नाहीत. पडद्यावर जंगल, धूर आणि दुपारची निश्चलता. कानावर स्त्रियांचे आवाज.

आवाज आणि चेहरा यांची ही फारकत निव्वळ शैलीचा भाग मानणे अपुरे ठरेल. खेड्यात चेहरा म्हणजे ओळख आणि ओळख म्हणजे परिणाम. कुजबुजीला चेहरा जोडला असता तर ती कबुली झाली असती. चेहरा काढून घेतल्यावर ती गावाचीच स्मृती होते. कायद्याने १९८३ मध्ये पीडितेला जे दिले ते या लघुपटाने साध्या इच्छेला, साध्या आठवणीलाही दिले आहे : ऐकले जाण्याचा हक्क, पण दाखवले न जाण्याच्या अटीवर. मलानींच्या लघुपटात स्त्री स्वतःला दाखवून मुक्त होते आणि कपाडियांच्या लघुपटात ती न दिसता बोलून मुक्त होते. या दोन टोकांमधील अर्धशतकाचा प्रवास प्रामुख्याने तंत्राच्या प्रगतीचा नाही. खोली असलेल्या स्त्रीकडून खोली नसलेल्या स्त्रीकडे विषय सरकला, तेव्हा रूपबंधालाही बदलावे लागले, त्याचा तो प्रवास आहे.

६

सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये बलात्कारपीडितेच्या तथाकथित ‘दोन बोटांच्या’ चाचणीला तिच्या खासगीपणाचा भंग ठरवले आणि २४ ऑगस्ट २०१७ रोजी नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने खासगीपणाचा अधिकार हा मूलभूत अधिकार असल्याचा निर्वाळा दिला. तत्त्वाच्या पातळीवर देसाईगंजचा हिशेब काहीसा चुकता झाला. जंगलपट्ट्यात मात्र आता वेगळा कॅमेरा उभा आहे, आणि त्याच्यामागे कोणीच नाही.

१९५५ मध्ये राष्ट्रीय उद्यान झालेले ताडोबा अंधारी अभयारण्यासह १९९५ मध्ये व्याघ्र प्रकल्प झाले. तेथील वाघ स्वयंचलित कॅमेऱ्यांनी मोजले जातात. २०१८ च्या देशव्यापी व्याघ्रगणनेत असे कॅमेरे २६,८३८ ठिकाणी लावले गेले आणि त्यांनी ३,४८,५८,६२३ छायाचित्रे टिपली. त्यांत वाघांची ७६,६५१ होती. मोहफुले व सरपण वेचायला जाणाऱ्या बाईला हा कॅमेरा वाघाहून वेगळे ओळखत नाही. हलणारा देह समोर आला की तो टिपतो. जंगलाकाठच्या गावात घराचा अवकाश उंबऱ्याशी संपत नाही. मोकळेपणाने बोलणे, गाणे, रडणे, घरातल्या जाचातून तासभर सुटणे हे सारे तेथे जंगलात होते. कॉर्बेट परिसरातील स्त्रियांविषयी २०२४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनात असे आढळले की कॅमेऱ्यांच्या जाणिवेने त्या जंगलात गाणे व मोठ्याने बोलणे टाळू लागल्या. ज्या आवाजाने जनावर दूर राहते, तोच आवाज कॅमेऱ्याने गिळला.

कपाडियांच्या ‘द लास्ट मँगो बिफोर द मान्सून’ (२०१५) या लघुपटात दोन तंत्रज्ञ निशाचर प्राण्यांसाठी जंगलात कॅमेरे लावतात, आणि दुसरीकडे जंगल सोडून आलेली एक स्त्री दिवंगत पतीच्या आठवणीत असते. यंत्राची प्रतिमा आणि स्त्रीची आठवण तेथे शेजारी ठेवलेल्या आहेत. पहिलीने दुसरीचा ताबा घेतलेला नाही. रूपबंधाने पाळलेला हा संयम नैतिक स्वरूपाचा आहे.

खासगी जीवनाच्या लघुपटांची समीक्षा आजवर ‘किती दाखवले’ या मापाने झाली. देसाईगंजपासून आरंभ केला तर माप बदलते. दार कोणी लावले, दिवा कोणी मालवला आणि बाहेर उभ्या असलेल्यांनी काय ऐकले, हे प्रश्न आधी येतात. त्या रात्री चौकीबाहेर माणसे होती आणि आत बोलणारी एक मुलगी होती; तिचे म्हणणे देशाच्या सर्वोच्च न्यायासनापर्यंत पोचूनही ऐकले गेले नाही. चांगला लघुपट त्या मुलीचे चित्र काढत नाही. तिच्यासारखीचे बोलणे चित्राविना खरे मानता येईल, असा प्रेक्षक तो घडवतो.